‘वन’ : एका नाकारलेल्या मागणीचा प्रवास

एखादी कथावस्तू कादंबरीतून चित्रपटात, चित्रपटातून गाण्यात आणि गाण्यातून दूरचित्रवाणीच्या पडद्यावर गेली, की तिची चर्चा आपल्याकडे बहुधा निष्ठेच्या परिभाषेत होते. मूळ कृतीशी रूपांतर कितपत प्रामाणिक राहिले, काय गाळले गेले, काय पदरचे घातले गेले याचा ताळेबंद मांडला म्हणजे समीक्षकाचे काम संपले, असे गृहीत धरले जाते. हा ताळेबंद निरुपयोगी असतो असे नाही. प्रस्तुत लेखातही तो काही प्रमाणात मांडावा लागणार आहे. परंतु काही कृतींच्या बाबतीत माध्यमांतराचा इतिहास हाच मूळ कृतीने विचारलेल्या एखाद्या प्रश्नाचे उत्तर होऊन बसतो, आणि मग ‘मूळ’ व ‘रूपांतर’ ही विभागणी अपुरी पडू लागते. मेटॅलिका या अमेरिकी बँडचे ‘वन’ हे गाणे मला अशा कृतींपैकी एक वाटते.

‘...अँड जस्टिस फॉर ऑल’ हा मेटॅलिकाचा चौथा ध्वनिमुद्रित संग्रह ऑगस्ट १९८८ मध्ये निघाला. त्यातील ‘वन’ हे गाणे जानेवारी १९८९ मध्ये ‘सिंगल’ म्हणून, म्हणजे संग्रहापासून सुटे विकत घेता येईल अशा तबकडीच्या रूपाने, प्रसिद्ध झाले. हेवी मेटल हा संगीतप्रकार ज्यांना केवळ गोंगाट वाटतो त्यांच्याशी वाद घालण्याचे हे स्थळ नव्हे. मात्र या गाण्याची गोष्ट संगीताच्या बाजारात सुरू होत नाही. ती पन्नास वर्षे आधी, एका कादंबरीत सुरू होते, एवढ्या कारणासाठी तरी साहित्याच्या अभ्यासकाने तिच्याकडे पाहिले पाहिजे.

डाल्टन ट्रंबो यांची ‘जॉनी गॉट हिज गन’ ही कादंबरी ३ सप्टेंबर १९३९ रोजी प्रसिद्ध झाली. ब्रिटन आणि फ्रान्स यांनी जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले तो हाच दिवस. पहिल्या महायुद्धाच्या विरोधात लिहिलेले पुस्तक दुसऱ्या महायुद्धाच्या पहिल्या आठवड्यात वाचकांच्या हाती पडले. (विश्राम बेडेकर यांची ‘रणांगण’ही १९३९ चीच. या दोन कृतींत साम्य शोधण्याचा मोह टाळलेला बरा. पण येऊ घातलेल्या युद्धाची चाहूल जगाच्या दोन टोकांना कादंबरीच्याच रूपात लागावी, ही गोष्ट नोंदवून ठेवण्यासारखी आहे.) कादंबरीचे शीर्षक १९१७ मधील एका लोकप्रिय भरतीगीतावर उभे आहे. तरुणांना बंदूक उचलायला सांगणाऱ्या त्या गीतातील आज्ञार्थ ट्रंबो यांनी भूतकाळात नेला. आज्ञा पाळली गेली, आता परिणाम पाहा, असा हा केवळ क्रियापदाच्या रूपातून साधलेला उपरोध आहे.

कादंबरीचा नायक जो बॉनम. मराठीत ‘जो’ या नावाचा संबंधी सर्वनामाशी घोळ होतो, म्हणून येथे त्याला बॉनम म्हणू. तोफगोळ्याच्या स्फोटात त्याचे दोन्ही हात, दोन्ही पाय आणि चेहरा गेला आहे. डोळे, कान, नाक, जीभ यांपैकी काहीही उरलेले नाही. उरले आहे ते धड, त्यावरील त्वचा आणि पूर्णपणे जागे असलेले मन. तो कोण, कोणत्या सैन्यातला, हे त्याला सांभाळणाऱ्या इस्पितळालाही ठाऊक नाही. कॅनडातील एका इस्पितळात अशाच अवस्थेतल्या सैनिकाला प्रिन्स ऑफ वेल्सने भेट दिल्याच्या वृत्तपत्रीय हकिकतीतून ट्रंबो यांना ही कल्पना सुचल्याचे सांगतात. बाकीचे तपशील बरेचसे लेखकाच्या स्वतःच्या आयुष्यातले आहेत. कोलोरॅडोतील बालपण, लॉस एंजेलिसमधील बेकरीतली रात्रपाळी, वडिलांचा मृत्यू. कादंबरीची सुरुवातच एका वाजत राहणाऱ्या टेलिफोनने होते. कान नसलेल्या माणसाच्या मनात घंटा वाजते आहे, आणि ती वडिलांच्या मृत्यूची बातमी देणारी जुनी घंटा आहे, हे वाचकाला हळूहळू उमगत जाते.

कादंबरीचे दोन खंड आहेत. पहिल्याचे शीर्षक ‘मृत’ अशा अर्थाचे, तर दुसऱ्याचे ‘जिवंत’ अशा अर्थाचे. सबंध कादंबरीत स्वल्पविराम जवळजवळ नाही. ही केवळ शैलीची करामत असती तर तिची दखल घेण्याचे कारण नव्हते. परंतु ज्याला दिवस आणि रात्र, झोप आणि जाग, आठवण आणि भास यांच्यामधली सीमारेषा सापडत नाही त्याच्या जाणिवेचे निवेदन करताना विरामचिन्ह हे खोटे आश्वासन ठरले असते. पहिल्या खंडात बॉनम ‘आपले काय झाले आहे’ हे शोधतो. दुसऱ्यात तो ‘आता काय करता येईल’ याकडे वळतो. प्रथम काळ. मानेच्या कातडीला जाणवणारी सकाळची ऊब आणि परिचारिकेच्या पावलांनी पलंगातून येणारी कंपने यांवरून तो दिवस मोजायला शिकतो. मग भाषा. लहानपणी मित्राबरोबर शिकलेली मोर्सची लिपी त्याला आठवते, आणि तो उशीवर डोके आपटून संदेश पाठवू लागतो. इस्पितळाला हे झटके वाटतात. त्यावर गुंगीचे औषध दिले जाते. पुढे एक नवी परिचारिका त्याच्या छातीवर बोटाने एकेक अक्षर गिरवून नाताळच्या शुभेच्छा देते आणि तिच्यामुळेच त्याचे डोके आपटणे ही भाषा आहे हे शेवटी इतरांना कळते. जुन्या-नव्या युद्धविरोधी कादंबऱ्यांत याइतका साधा आणि याइतका विलक्षण प्रसंग मला आठवत नाही.

येथे कादंबरी तिच्या खऱ्या मुद्द्यावर येते. तुला काय हवे, असे विचारल्यावर बॉनम मृत्यू मागत नाही. मला बाहेर न्या, असे तो सांगतो. जत्रेच्या तंबूत तिकीट लावून विचित्र प्राणी दाखवतात तसे मला काचेच्या पेटीत घालून देशभर दाखवा. शाळांत न्या, चर्चमध्ये न्या, कायदेमंडळात न्या. पुढचे युद्ध पुकारण्याआधी लोकांनी मला पाहिले पाहिजे. मेलेल्या सैनिकांना साक्ष देता येत नाही, आणि जिवंत राहिलेल्यांनी युद्धाचा तळ पाहिलेला नाही. आपण या दोहोंच्या मधले, बोलू शकणारे प्रेत आहोत, या जाणिवेतून आलेली ही मागणी आहे. तिला मिळणारे उत्तर प्रशासकीय आहे. हे नियमात बसत नाही. त्यानंतर पुन्हा औषधाची सुई.

या मागणीचे पुढे काय झाले, हा माझ्या दृष्टीने या कृतीच्या सगळ्या इतिहासाचा कणा आहे.

कादंबरीला १९३९ मधील सर्वाधिक मौलिक पुस्तक म्हणून अमेरिकी पुस्तकविक्रेत्यांचा पुरस्कार मिळाला. १९४० मध्ये कम्युनिस्ट पक्षाच्या ‘डेली वर्कर’ या दैनिकात ती क्रमशः छापली गेली. त्याच वर्षी आर्च ओबोलर यांनी तिचे नभोनाट्य केले, आणि वाचा गेलेल्या नायकाला जेम्स कॅग्नी या नटाचा आवाज मिळाला. जर्मनी आणि सोव्हिएत संघ यांच्यातील करार अजून टिकून होता, आणि युद्धविरोध हे डाव्या वर्तुळांचे अधिकृत धोरण होते. जून १९४१ मध्ये हिटलरने सोव्हिएत संघावर आक्रमण केले, वर्षअखेर अमेरिकाही युद्धात उतरली, आणि कादंबरीचा अर्थ एका रात्रीत अडचणीचा झाला. प्रती संपल्यावर, युद्ध चालू असेतो हे पुस्तक पुन्हा छापू नये असे खुद्द लेखकालाच वाटले आणि प्रकाशकांनी ते मान्य केले. तेवढ्यात उजव्या गोटातील युद्धविरोधकांची, ज्यूद्वेष्ट्यांची पत्रे ट्रंबो यांना येऊ लागली. पुस्तक दडपले जात आहे अशी त्यांची तक्रार होती, आणि त्यांना प्रती हव्या होत्या. ट्रंबो यांनी ही पत्रे एफबीआयला कळवली. तपासनीस आले ते मात्र त्या पत्रलेखकांपेक्षा ट्रंबो यांच्यातच अधिक रस घेऊन.

हा प्रसंग आपल्या समीक्षेला अवघड जाणारा आहे. श्रेष्ठ साहित्यकृती कालातीत असते, हे वाक्य आपण वर्गात आणि परीक्षेच्या उत्तरपत्रिकांत इतक्यांदा वाचतो, की त्याचा अर्थ विचारायचे सुचत नाही. येथे एक लेखक स्वतःच सांगतो की माझी कृती या घडीला वाचली जाऊ नये. ही पक्षशिस्त होती, असे त्याचे टीकाकार म्हणू शकतात, आणि तारखा त्यांच्या बाजूने आहेत. फॅसिझमविरुद्धचे युद्ध अटळ आहे अशी त्याची प्रामाणिक धारणा झाली होती, असेही म्हणता येईल. माझ्या मते दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असाव्यात. पण कोणतेही स्पष्टीकरण स्वीकारले तरी उरते ते हे, की ज्या इस्पितळाने बॉनमला नियमांचे कारण देऊन झाकून ठेवले, त्याच भूमिकेत काही काळ त्याचा निर्माता उभा होता. ही विसंगती ट्रंबो यांच्याही लक्षात आली होती. १९५९ च्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत त्यांनी ती हकिकत आडपडदा न ठेवता सांगितली आहे. तीन युद्धांत या पुस्तकाला तीन वेगळे अर्थ आले, आज त्याचा अर्थ प्रत्येक वाचक आपापला ठरवील, आणि वाचकही बदलत असतो, अशा आशयाचे त्यांचे विवेचन आहे. वाचकाच्या प्रतिसादावर आधारलेले सिद्धान्त विद्यापीठांत रुजायला अजून दहाएक वर्षे होती. हा पटकथालेखक त्या निष्कर्षाला अनुभवाच्या मार्गाने आधीच पोहोचला होता.

मधल्या काळात मौनाची पाळी लेखकावरच आली होती. १९४७ मध्ये अमेरिकी प्रतिनिधिगृहाच्या चौकशी समितीपुढे उत्तरे द्यायला नकार देणाऱ्या ‘हॉलिवुड टेन’पैकी ट्रंबो एक होते. ते काळ्या यादीत गेले, आणि १९५० मध्ये तुरुंगात. ‘रोमन हॉलिडे’च्या कथेचे ऑस्कर दुसऱ्याच्या नावावर गेले, ‘द ब्रेव्ह वन’चे एका टोपणनावावर. १९६० मध्ये ‘एक्झोडस’ आणि ‘स्पार्टाकस’ यांच्या श्रेयनामावलीत त्यांचे नाव परत आले. हा भाग सुपरिचित आहे; येथे अधिक लांबवीत नाही.

१९७० मध्ये, व्हिएतनाम युद्धाच्या ऐन भरात, त्यांनी प्रस्तावनेला एक छोटी पुरवणी जोडली. तिचा विषय आकडे आहे. मृतांचे आणि जायबंदी झालेल्यांचे आकडे सकाळच्या न्याहारीबरोबर वाचून माणूस आतून बधिर कसा होतो, हे ते तेथे सांगतात. ही पुरवणी लक्षात ठेवली की पुढे येणाऱ्या गाण्याचे शीर्षक वेगळे ऐकू येते. ‘वन’ हा शब्द संख्यावाचक आहे. हजारांच्या आणि लाखांच्या मोजणीत ही संख्या हिशेबातच धरली जात नाही.

चित्रपट १९७१ चा. साठच्या दशकात तो लुई बुन्युएल यांनी करावा असा बेत होता; पैशांअभावी तो बारगळला. अखेर वयाच्या पासष्टीत ट्रंबो यांनी स्वतः दिग्दर्शन केले, आयुष्यातले एकमेव. टिमोथी बॉटम्स बॉनम झाला, जेसन रोबार्ड्स वडील, डोनाल्ड सदरलंड ख्रिस्त. इस्पितळातील वर्तमान कृष्णधवल आणि स्मृती व स्वप्ने रंगीत, ही त्यातील मुख्य योजना. ती परिणामकारक आहे, पण कादंबरीच्या स्वल्पविरामहीन गद्याने जी सीमारेषा पुसली होती तीच येथे पुन्हा ठळक होते. प्रेक्षकाला आपण कोठे आहोत हे नेहमी कळते. बॉनमला ते कळत नाही. दुसरा फरक अधिक महत्त्वाचा आहे. चित्रपटातील बॉनम आपल्या मागणीला पर्यायही देतो. दाखवणार नसाल तर मारा. परिचारिका श्वासाची नळी बंद करू पाहते, वरिष्ठ येऊन ती पुन्हा उघडतात, आणि बॉनम अंधारात मदतीची हाक ठोकत राहतो. मृत्यूची याचना कथावस्तूच्या केंद्रस्थानी आली ती येथे. कान महोत्सवात १९७१ मध्ये परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळूनही चित्रपट फारसा चालला नाही. ट्रंबो १९७६ मध्ये वारले.

आता गाणे. केवळ जागे मन उरलेल्या, जगाशी कोणताच संपर्क नसलेल्या माणसाची कल्पना मेटॅलिकाचा गायक जेम्स हेटफिल्ड याच्या मनात आधीपासून घोळत होती; बँडचे व्यवस्थापक क्लिफ बर्नस्टीन यांनी त्याला ट्रंबो यांच्या कादंबरीकडे वळवले. म्हणजे प्रेरणा आणि आधार हे दोन वेगवेगळ्या दिशांनी आले. हेटफिल्ड आणि ढोलवादक लार्स उलरिक यांनी गाणे रचले. युद्धात वापरून फेकल्या जाणाऱ्या सैनिकाचा विषय त्यांनी १९८६ च्या ‘डिस्पोजेबल हीरोज’मध्ये हाताळला होता. नवा संग्रह कायदा, न्याय आणि संस्था यांच्याविषयी होता. त्याचे नावही अमेरिकी राष्ट्रनिष्ठेच्या प्रतिज्ञेतील शेवटच्या शब्दांचे आहे.

ताळेबंदाची भाषा वापरायची तर गाण्याने बहुतेक सर्व काही गाळले आहे. वडील नाहीत, बेकरी नाही, परिचारिका नाही. मोर्सची लिपी नाही. लोकांपुढे दाखवले जाण्याची मागणी नाही. उरले आहे ते प्रथमपुरुषी वर्तमान, कोंडलेपण आणि मरणाची विनवणी. काळही बदलला आहे. सुरुवातीच्या युद्धध्वनीत तोफांबरोबर हेलिकॉप्टर ऐकू येते, जे १९१८ मध्ये असणे शक्य नाही. आणि तोफगोळ्याची जागा भूसुरुंगाने घेतली आहे. ट्रंबो यांचा सैनिक पहिल्या महायुद्धातून सुटून व्हिएतनाममध्ये, किंवा कोणत्याही युद्धात, जाऊन पडतो. वक्तृत्व हा कादंबरीचा मोठा भाग होता. स्वातंत्र्य, सन्मान, लोकशाही या शब्दांसाठी मरायला सांगणाऱ्यांशी बॉनमने मनात घातलेला पानेच्या पाने लांब वाद गाण्यात नाही. एका राजकीय संहितेचे अस्तित्ववादी आक्रोशात रूपांतर झाले, असा आक्षेप येथे घेता येईल, आणि केवळ शब्द पाहिले तर तो मान्य करावा लागेल.

परंतु गाणे हे केवळ शब्द नव्हे, हे आपण लोकगीतांच्या अभ्यासात मान्य करतो आणि विजेच्या गिटारीपाशी आलो की विसरतो. ‘वन’ची लांबी साडेसात मिनिटांच्या आसपास आहे. आरंभीची गिटार संथ, जवळजवळ अंगाईसारखी आहे. हेटफिल्डचा आवाजही खालच्या पट्टीत राहतो. मध्येच एखादी कर्कश लाट येते आणि ओसरते. साधारण अर्ध्यावर गाण्याचा स्वभाव पालटतो. पायांनी वाजवायचे दोन मोठे ढोल आणि दाबून छेडलेली गिटार एकत्र येऊन द्रुत आघातांचे पुंजके फेकू लागतात. प्रत्येक पुंजक्यानंतर क्षणभर विराम. हा आवाज मशीनगनचा आहे, असे ऐकणारे बहुतेक सगळे सांगतात, आणि ते बरोबर आहे. मला त्यात दुसरेही काही ऐकू येते. आघात आणि विराम यांवाचून दुसरे काहीही हाताशी नसलेल्या एका भाषेची ही लय आहे. ती कोणतेही अक्षर लिहीत नाही, तिचा संदेश उलगडता येत नाही. मोर्स शब्दांतून गेली. तिचे ठोके मात्र राहिले. बंदुकीचा गोळीबार आणि उशीवर आपटणारे डोके एकाच ध्वनीत सापडावेत, ही गोष्ट गद्याला किंवा कॅमेऱ्याला साधली नव्हती. ज्या माणसाला जग केवळ कंपनांनी कळते, त्याच्याकडे जायला हे माध्यम सर्वांत जवळचे असावे, यात वास्तविक आश्चर्य काही नाही.

तोवर मेटॅलिकाने आपल्या गाण्यांच्या चित्रफिती काढल्या नव्हत्या. दूरचित्रवाणीच्या प्रसिद्धीपासून दूर राहणे हा त्यांच्या प्रतिमेचा भागच होता. ‘वन’ची चित्रफीत ही पहिली. बिल पोप आणि मायकल सॅलोमन यांनी ती दिग्दर्शित केली. एका गोदामात वाजवणारा बँड आणि ट्रंबो यांच्या चित्रपटातील दृश्ये तिच्यात आलटून पालटून येतात. बँडचे चित्रण कृष्णधवल असल्यामुळे इस्पितळातील दृश्यांशी त्याचा सांधा जाणवत नाही. चित्रपटातील संवाद गाण्याच्या वर चढवले आहेत. ते कधी स्वर झाकून टाकतात. लोकशाहीविषयी मुलाने वडिलांना विचारलेले प्रश्न, मोर्सचा उलगडा, धर्मोपदेशक आणि लष्करी अधिकारी यांनी जबाबदारी एकमेकांकडे ढकलणे हे सारे गाण्याने गाळले होते. चित्रफितीने ते परत आणले. म्हणून ‘वन’ ही कृती कोणती, असे विचारले तर तबकडीकडे बोट दाखवून भागत नाही. पुढे बँडने चित्रपटाचे हक्कच विकत घेतले. दृश्ये वापरण्याचे मानधन पुन्हा पुन्हा भरण्यापेक्षा हे परवडते, असा सरळ व्यवहार त्यामागे होता.

जानेवारी १९८९ पासून ही चित्रफीत एमटीव्हीवर वारंवार दिसू लागली. अमेरिकेच्या पहिल्या चाळीस गाण्यांत मेटॅलिकाचे गाणे प्रथमच पोहोचले. ते ३५ व्या क्रमांकापर्यंत गेले. १९८९ च्या ग्रॅमी समारंभात बँडने ते वाजवले आणि पारितोषिक मात्र जेथ्रो टलला मिळाले. १९९० मध्ये मेटलसाठी प्रथमच वेगळे पारितोषिक ठेवले गेले, ते ‘वन’ला.

या यशाकडे कसे पाहायचे? बॉनमने मागितले होते ते नेमके हेच. मला काचेच्या पेटीत ठेवा आणि घरोघर, गावोगाव दाखवा. लष्कराने नाकारलेले, चित्रगृहांना न जमलेले, एका संगीतवाहिनीने करून दाखवले. काचेची पेटी दिवाणखान्यात आली आणि तिच्यात तो निपचित पडलेला दिसू लागला. ज्यांना पुढच्या युद्धात जायचे असते त्याच वयाची मुले ते पाहत होती. अडोर्नो आणि होर्कहाइमर यांचे वाचक यावर म्हणतील की संस्कृतिउद्योग नकारालाही विक्रीयोग्य करतो, आणि दोन जाहिरातींच्या मधे दिसलेला बॉनम हा त्याचा उत्तम पुरावा आहे. हे म्हणणे खोटे नाही. पण बॉनमने स्वतःच जत्रेचा तंबू आणि तिकीट मागितले होते, हे विसरून चालणार नाही. सभ्य माध्यमे आपल्याला उभे करणार नाहीत, हे त्याला ठाऊक होते. कादंबरीतील उपरोध आणि उद्योगाचा व्यवहार येथे एकमेकांवर इतके नेमके बसतात, की त्यांतला एक दुसऱ्याला खोटा ठरवू शकत नाही. माझ्यापुरते, मी चित्रफितीच्या बाजूने उभा राहीन. तिच्यामुळे विसरला गेलेला चित्रपट आणि त्यामागची कादंबरी एका नव्या पिढीने शोधून काढली. २००९ मध्ये चित्रपटाची डीव्हीडी निघाली तेव्हा ‘वन’ची चित्रफीत तिला जोडलेली होती.

अर्थात बाजाराने दुसरी सोयही करून ठेवली होती. १९८९ मध्येच ‘टू ऑफ वन’ नावाची व्हिडिओ कॅसेट निघाली. तिच्यात चित्रफितीची दोन रूपे आहेत. एकात बॉनम आहे. दुसऱ्यात चित्रपटाचे एकही दृश्य नाही. गोदाम आहे, चार वादक आहेत आणि तेच ठोके आहेत.